बोट धक्क्याला लागेपर्यंत

प्रिय ठमे,

आधी एवढं वाच, मग बाकीचं. मी बरा आहे. पडलेलो नाही. पडता पडता वाचलो, पण ते पुढे येईल. घराला काही झालेलं नाही, गॅस बंद आहे, आत्ताच उठून परत बघून आलो. बाबांचं पत्र आलं म्हटल्यावर तू घाबरणार हे मला ठाऊक आहे, कारण जन्मात मी तुला पत्र लिहिलेलं नाही. लिहायची ती तुझी आई. मी खाली ‘बाकी ठीक’ एवढं खरडून सही ठोकायचो. माझी शाळा सातवीत सुटली आणि पुढचं सगळं आयुष्य बसडेपोत सीटं शिवण्यात गेलं. सुई माझ्या हातात सरळ चालते, पेन चालत नाही. कुठे काना-मात्रा चुकला तर हसू नकोस. फोन करता आला असता, नाही असं नाही. पण फोनवर मी ‘जेवलीस का’च्या पुढे जात नाही आणि तू ‘बाबा, मीटिंग आहे, नंतर बोलू’च्या पुढे जात नाहीस. शिवाय ही गोष्ट अशी आहे की अर्धी ऐकून तू फोन ठेवलास तर माझी धडगत नाही.

कुरियरच्या दुकानात काल जाऊन विचारून आलो. तो म्हणाला, शनिवारी मिळेल. मी परत विचारलं, नक्की ना? तो हो म्हणाला. आणखी एकदा विचारलं तेव्हा म्हणाला, आजोबा, मी स्वतः नेऊन देऊ का? बोलू देत. शनिवारी तुला हे मिळायलाच हवं, कारण रविवारी सकाळी तुझ्या सासूबाईंचा तुला फोन येतो. तू वाढदिवसाला मला दिलेल्या त्या दोघांच्या सहलीत, आगगाडी, द्राक्षमळा आणि बोट, मी डेपोतल्या माझ्या दोस्ताला, पैलवानाला, घेऊन गेलो असं तुला वाटतंय. पैलवान आला नव्हता. त्याच्या जागेवर एक बाई आल्या होत्या. त्यांनी मला गाडीत एक प्रश्न विचारला आणि उत्तराला मुदत दिली बोट धक्क्याला लागेपर्यंत. आणि त्याच डब्यात, दोन रांगा सोडून, माझ्या नशिबाने, तुझ्या सासूबाई बसल्या होत्या. आता तुझ्या लक्षात आलं असेल मला घाई कसली आहे ती.

बाईंबद्दल आधी सांगतो. माझा खांदा धरला होता तेव्हा तू मला हॉस्पिटलात शेक घ्यायला पाठवायचीस, आठवतं? तिथे पडद्यापलीकडच्या खाटेवर ह्या असायच्या. त्या एका मोठ्या कारखान्याच्या टेलिफोन बोर्डावर होत्या. ‘नमस्कार, कोणाला जोडू?’ हे म्हणण्यात सगळी नोकरी गेली, आणि कानाला रिसीव्हर मानेने दाबून धरल्यामुळे मान आखडली. त्यांच्या इमारतीत त्यांना सगळे टेलिफोनबाई म्हणतात. लग्न केलं नाही. का केलं नाही ते मी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही. पडद्याआडून नुसता आवाज यायचा. पहिले पंधरा दिवस मी त्यांचा चेहराही पाहिला नव्हता. मग एकदा म्हणाल्या, माझ्याकडे वडिलांची एक खुर्ची आहे, तिची सीट बसली आहे, तुम्ही करता का? मी खुर्ची घरी आणली. काम एका दुपारचं होतं. मी ते बरेच महिने केलं. आज स्प्रिंग मिळाली नाही, उद्या कापड आवडलं नाही. त्या यायच्या, खुर्ची बघायच्या, चहा घ्यायच्या, जायच्या. पैलवान मला म्हणाला, अरे, एवढ्या वेळात तू अख्खी बस शिवली असतीस. त्याला सगळं आधीच कळलं होतं. सहलीच्या दिवशी बोटीत मळमळतं असं सांगून तो मागे राहिला. ज्या माणसाने जन्मभर घाटात बस चालवली त्याला कसली मळमळ!

तर आम्ही निघालो. गाडी छान होती, ते आधी सांगतो, नाहीतर तुला वाटेल तुझी भेट वाया गेली. छतापर्यंत काचा, बाहेर डोंगर आणि मधूनच पाणी. सीटं लाल रेक्झिनची, शिवण कच्ची, पण ते जाऊ दे. गाडी सुटली आणि बाईंनी पिशवी मांडीवर घेतली, अगदी हळू आवाजात बोलायला लागल्या. त्या राहतात ती इमारत पाडणार आहेत. त्यांचा धाकटा भाऊ लांब राहतो, तो म्हणतो, कायमची ये, खोली तयार ठेवली आहे. त्याला आज कळवायचं आहे. त्या म्हणाल्या, ‘मला जायचं नाही. पण थांबायचं तर कशासाठी थांबू, ते तुम्ही सांगायचं. आज संध्याकाळी बोट लागेपर्यंत सांगा. नाही सांगितलंत तर मी समजेन काय समजायचं ते.’ एवढं बोलून त्यांनी बिस्किटाचा पुडा फोडला आणि माझ्यापुढे धरला, जसं काही हवापाण्याचंच बोलत होत्या.

मला हो म्हणायचं होतं, ठमे. तोंडापर्यंत आलं होतं. पण तुझा चेहरा समोर उभा राहिला. आई गेली त्या वर्षी तू आली होतीस तेव्हा घरातली एक फुलदाणीही तू मला हलवू दिली नव्हतीस. सगळं जसंच्या तसं राहू दे म्हणाली होतीस, आणि मी राहू दिलं. तिचा चष्मा अजून टीव्हीवरच आहे. पुसतो आणि परत तिथेच ठेवतो. त्या घरात दुसरी बाई कशी आणू, आणि आणली तर तू पायरी चढशील का, हाच विचार घोळत राहिला. मी बिस्कीट खाल्लं आणि म्हणालो, बघू. बघू म्हणालो, बघ! मला वाटलं अख्खा दिवस पडलाय.

तेवढ्यात गाइड मुलगी यादी घेऊन आली आणि एकेकाचं नाव पुकारायला लागली. तिकीट पैलवानाच्या नावावर. मुलीने खणखणीत आवाजात पैलवानाचं नाव घेतलं, आडनावासकट, आणि बाईंनी शांतपणे हात वर केला. मुलीने एकदा यादीकडे बघितलं, एकदा बाईंकडे, आणि पुढे गेली. पण दोन रांगा पुढची एक मान मागे वळली. पैलवानाला तुझ्या लग्नात सगळ्यांनी पाहिलंय. पंगतीत दोनदा बसला होता, त्याला कोण विसरेल? तुझ्या सासूबाई बहिणीकडे आल्या होत्या म्हणे, आणि तिथल्या पाच मैत्रिणी जमवून ह्याच सहलीला. मला बघून त्यांची एक भुवई वर गेली ती दिवसभर खाली आली नाही. उठून आमच्याजवळ आल्या. मागून त्या पाचजणीही माना लांब करून. मला म्हणाल्या, काय व्याहीबुवा, तब्येत काय म्हणते, आणि ह्या कोण?

मी घाबरलो की माझी जीभ माझ्या आधी पळते. शेजारीण म्हणालो असतो, ओळखीच्या म्हणालो असतो, काहीही चाललं असतं. माझ्या डोक्यात आलं की औषधपाण्याचं निमित्त सांगावं. म्हणून मी म्हणालो, ‘डॉक्टरांनी सांगितलंय एकटं राहायचं नाही. म्हणून बाई ठेवली आहे.’

तोंडातून गेलं आणि मग मलाच ऐकू आलं. स्वयंपाकाला बाई ठेवली, धुण्याला बाई ठेवली, असं आपण रोज म्हणतो. पण सहलीच्या गाडीत, इस्त्रीची साडी नेसून, केसांत नवी पिन लावून शेजारी बसलेल्या बाईकडे हात करून, नुसतं ‘बाई ठेवली आहे’! मागच्या पाचजणींत एकीला ठसका लागला. एकीने पदर तोंडाला लावला. तेवढ्यात बोगदा आला आणि डब्यात अंधार झाला. त्या अंधारात मला एवढंच वाटत होतं की हा बोगदा संपू नये. संपला. बघतो तर बाईंनी मांडीवरची पिशवी आवरली होती आणि माझ्याकडे वळून, बोर्डावरच्या त्या गोड आवाजात, म्हणत होत्या, ‘साहेब, सकाळची गोळी घेतलीत का?’

मला जन्मात कोणी साहेब म्हटलेलं नाही. डेपोत उस्ताद म्हणायचे, तू बाबा म्हणतेस, बँकेत काका म्हणतात. बाईंनी दिवसभर मला साहेब म्हणून सोलून काढलं. साहेब, खिडकी लावू का. साहेब, मफलर घ्या. साहेब, पाय जपून. आवाज चढवला नाही, तोंड वाकडं केलं नाही. मी हळूच म्हणालो, अहो बाई, मला तसं म्हणायचं नव्हतं. त्या म्हणाल्या, कसं म्हणायचं होतं, ते ठरलं की सांगा, साहेब, संध्याकाळपर्यंत वेळ आहे. आणि खिडकीबाहेर बघायला लागल्या. त्यांच्याशी बोलावं तर सासूबाईंचा कान इकडे, नाही बोलावं तर डोंगर मागे पळतायत, वेळ पळतोय. मला घाम फुटला होता. समोरच्या बाईने मला वारा घालायला कागद दिला. बाईंनी तो घेतला आणि घातला वारा, अगदी ड्यूटीवर असल्यासारखा.

स्टेशनवरून बसने मळ्यात नेलं. द्राक्षाच्या रांगा पार टेकडीपर्यंत, मोठ्या मोठ्या स्टीलच्या टाक्या, आणि एका लांब खोलीत टेबलं मांडलेली. प्रत्येकापुढे चार ग्लास, प्रत्येकात घोटभर वाइन. एप्रन बांधलेला माणूस सांगत होता, ग्लास फिरवा, हुंगा, तोंडात घोळवा, चव समजली की ह्या बादलीत थुंका. आता मी थुंकणारा माणूस आहे का? डेपोत ‘थुंकू नका’ ही पाटी मी माझ्या हाताने रंगवली होती. लोक गुळण्या टाकतायत, आणि मी प्रत्येक घोट गिळतोय. तुझ्या सासूबाईही थुंकल्या नाहीत. म्हणाल्या, एवढं द्राक्षांचं टाकायचं कशाला. एप्रनवाल्याने मला विचारलं, काका, कशाची चव लागते? कोणी मध म्हणालं होतं, कोणी लाकूड. मी म्हणालो, गंजलेल्या स्प्रिंगची. दाताने दोरा तोडताना ती चव मी खूप घेतली आहे. सगळे हसले. बाई हसल्या नाहीत. त्या बसल्याच नव्हत्या. माझी टोपी आणि पिशवी धरून खुर्चीमागे उभ्या. मी बसा म्हणालो तर म्हणाल्या, मी ड्यूटीवर आहे, साहेब.

तुझ्या सासूबाई ते बघत होत्या. त्यांना राहवेना. ग्लास हातात घेऊन त्या बाईंजवळ गेल्या आणि माझ्या कानाशीच विचारलं, महिन्याला किती देतात हे तुम्हाला? मी टेबलाचा कोपरा घट्ट धरला. बाई म्हणाल्या, ‘अजून काही ठरलं नाही. साहेब आज संध्याकाळी सांगणार आहेत.’ सासूबाईंनी माझ्याकडे बघितलं. मी ग्लासाकडे बघितलं. चौथा घोटही गिळला.

मग आम्हाला तळघरात नेलं, पिंपं दाखवायला. दगडी जिना, अरुंद, दिवा मंद, पायऱ्यांवर ओल. बाई माझ्या मागे, सासूबाई आणि त्यांच्या मैत्रिणी त्यांच्याही मागे. उतरताना माझ्या डोक्यात एकच घोकणं चाललं होतं, आता बोलू का, खाली गेल्यावर बोलू का, बोटीत बोलू का. पायाकडे लक्ष राहिलं नाही. त्यात ते चार घोट. पाय सटकला. दोन पायऱ्या मी हवेतच गेलो असेन. मागून माझी कॉलर कोणीतरी गच्च धरली, आणि आवाज आला, ‘अहो!’

नुसतं अहो. पुढे काही नाही. साहेब नाही, जपून नाही, काही नाही. मी भिंतीला टेकलो आणि बाई माझी कॉलर सोडेनात.

ठमे, तू आजकालची, जावईबापूंना नावाने हाक मारतेस. तुला हे कितपत कळेल माहीत नाही. पण अहो रस्त्यावरच्या माणसालाही म्हणतात. अहो, जरा सरका. अहो, किती वाजले. बाईंनी तर बोर्डावर आयुष्यभर परक्या माणसांना अहो म्हटलं असेल. पण ते अहो वेगळं आणि हे वेगळं. तुझी आई मला स्वयंपाकघरातून अहो म्हणायची. गॅस संपल्याचं अहो वेगळं, पाहुणे आल्याचं वेगळं, पाल दिसल्याचं तर फारच वेगळं. ती गेली आणि मला अहो म्हणणारं कोणी उरलं नाही. काका झालो, आजोबा झालो, हल्ली तर रिक्षावाले ‘ओ बाबा’ म्हणतात. त्या जिन्यात ते ऐकलं आणि मी भिंत धरून राहिलो ते घसरल्यामुळे नाही. आणि ते मला कळलं तसं मागच्या सहाजणींनाही कळलं. बायकांना त्यात शिकवावं लागत नाही. बाईंच्या मग लक्षात आलं. त्यांनी कॉलर सोडली. चेहरा उतरला. त्या वर निघून गेल्या. माझी टोपी पायरीवर पडली होती, ती तुझ्या सासूबाईंनी उचलून दिली.

बोटीत बाई माझ्याजवळ बसल्या नाहीत. पुढे टोकाला कठड्याशी जाऊन उभ्या राहिल्या, पाठ करून. नदी रुंद आहे तिथे. काठाला झाडं, मग पूल, परत झाडं. लोक फोटो काढत होते. इंजिन असं धडधडत होतं की शेजारच्याचं ऐकू येऊ नये. मी प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसून दर वळणाला मान उंचावत होतो, धक्का दिसतोय का. उठावं, जावं, सांगावं. एवढंच करायचं होतं. पण मला वाटत होतं, सांगितलं तर ठमी गेली, नाही सांगितलं तर ह्या गेल्या. तिसरं काही दिसत नव्हतं. तेवढ्यात सासूबाईंनी त्यांची खुर्ची ओढत माझ्या खुर्चीला भिडवली. म्हणाल्या, ‘व्याहीबुवा, त्या जर तुमच्याकडे पगारी असतील, तर मी ह्या बोटीची कप्तान आहे.’

मग त्यांनी मला जे झापलं ते सगळं लिहीत नाही. तुम्ही भित्रे आहात हे मला लग्नाच्या बोलणीतच कळलं होतं, म्हणाल्या, देण्याघेण्याचं सोडून तुम्ही दोनदा चहाची साखर विचारलीत. ठेवली म्हणालात, पाचजणींच्या देखत, आणि त्यांनी ते ऐकून घेतलं. त्यांच्या जागी मी असते तर बोगद्यातच तुम्हाला खाली लोटलं असतं. मला वाटलं त्या आता बाईंच्या बाजूने आहेत, तर तसंही नाही. लगेच म्हणाल्या, मला हे मुळीच आवडलेलं नाही. ह्या वयात कसली सोबत, टीव्ही आहे, फोन आहे. चार लोक मला विचारतील, सुनेच्या वडिलांनी काय केलं, तेव्हा मी कुठे तोंड लपवू? पण म्हणाल्या, माझ्या पोटात काही राहत नाही हे सुनेला माहीत आहे. रविवारी मी तिच्याशी बोलणार. त्या पाचजणी तर आज रात्रीपासूनच बोलणार. म्हणजे तुमच्या मुलीला कळणारच आहे. आता तिला काय कळायचं ते ठरवा, वडिलांनी बाई ठेवली हे, की दुसरं काही. एवढं बोलून त्या उठल्या आणि खुर्ची ओढत परत गेल्या. खरं सांगतो, मला त्यांचा राग आला. पण मला जे तासन्‌तास सुचलं नव्हतं ते त्यांनी समोर मांडलं होतं. तुला न कळण्याची वाट आता उरलीच नव्हती. मी सकाळपासून तीच धरून बसलो होतो.

गाइड मुलगी ओरडून सांगत होती, सामान घ्या, धक्का आला. लोक उठायला लागले. मी उठलो. सगळे उतरायच्या जिन्याकडे आणि मी उलटा, पुढे. कोणाच्या पायावर पाय दिला, कोणाची पिशवी खांद्याला अडकली, ती घेऊनच चार पावलं गेलो, त्या माणसाने ओढून घेतली. धक्क्यावरचा माणूस दोर झेलायला उभा होता. बाईंनी मला बघितलं आणि म्हणाल्या, साहेब, आलं की उतरायचं. मी बोललो. त्यांना ऐकू गेलं नाही, इंजिनाचा एवढा आवाज. मी आणखी मोठ्याने बोललो. त्यांनी कानाशी हात नेला. मग मी छाती फुटेस्तोवर ओरडलो, आणि नेमकं त्याच वेळी बोटवाल्याने इंजिन बंद केलं.

‘तू ठेवलेली बाई नाहीस! तू थांब! माझ्यासाठी थांब!’

दोर पाण्यात पडल्याचा तेवढा आवाज आला, कारण झेलणारा माझ्याकडे बघत बसला. मी त्यांना आजवर तू म्हटलेलं नव्हतं. वरून बोटवाला म्हणाला, काका, आधी उतरा, मग काय ते लग्न करा, माझी पुढची फेरी आहे. हसू उसळलं. मला वाटलं नदीत उडी घ्यावी. बाई हसल्या नाहीत, रागावल्याही नाहीत. कठडा दोन्ही हातांनी धरून उभ्या होत्या. मग म्हणाल्या, ‘ओरडता कशाला? माझी अख्खी नोकरी ऐकण्यात गेली.’

तिथेच सगळं गोड झालं असं समजू नकोस. धक्क्यावरच्या बाकावर आम्ही बसलो. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, मुलीला काय सांगणार? मी म्हणालो, सांगेन हळूहळू. त्या उठून उभ्याच राहिल्या. म्हणाल्या, हळूहळू सांगणार असाल तर मी भावाकडे चालले. पैलवानाच्या नावावर आज हात वर केला, तेवढं पुरे झालं. मी चोरून तुमच्या घरात येणार नाही, आणि मुलीला नको असताना तर मुळीच येणार नाही. तिला तुमच्या तोंडाने कळू दे, आणि ती काय म्हणते ते मलाही कळू दे. त्यांनी भावाला फोन करून थोडं थांब म्हटलं आहे. माझ्याकडे त्या दिवसापासून त्या आलेल्या नाहीत. खुर्चीही इथेच आहे. शेवटी मी ती पुरी केली, आता तिच्यात काही काढण्यासारखं उरलेलं नाही.

परवा मी लग्न नोंदवायच्या सरकारी कचेरीत जाऊन विचारून आलो. आमच्या वयाला फारसं काही विचारत नाहीत, महिनाभर नोटीस लावतात आणि तीन साक्षीदार लागतात. पैलवान एक, तो तर आत्तापासून बूट पॉलिश करून बसला आहे. दुसरी सही तुझ्या सासूबाई करणार आहेत. हो, त्याच. काल मीच धीर करून त्यांना फोन केला. म्हणाल्या, लोकांनी विचारलं तर मी तिथे होते असं तरी सांगता येईल, दुसऱ्याकडून ऐकण्यापेक्षा ते बरं, पण जेवायला थांबणार नाही. तिसऱ्या सहीला बाईंचा भाऊ येतो म्हणतो. मी त्याला नको म्हणालो. ती जागा मी कोणाला देणार नाही, म्हणून हे पत्र लिहिलं. तुझी परवानगी मागत नाही, ठमे. मागितली आणि तू नाही म्हणालीस तर मी तुझा शब्द मोडू शकणार नाही, म्हणून मागतच नाही. एवढंच विचारतो, तिसरी सही तू करशील का? नाही म्हणालीस तर ती जागा कोरी राहील, बाई भावाकडे जातील, आणि मी तुला कधी बोलून दाखवणार नाही. पण येशील तर आईचा चष्मा तू घेऊन जा, तुझ्याकडे असावा. शनिवारी हे मिळालं की फोन कर. ह्या वेळी मी जेवलीस का विचारणार नाही, तू बोल, मी ऐकतो.

तुझाच, फोनच्या शेजारी बसलेला,
बाबा